पुढच्या खिडकीपर्यंतची सोबत

डोंबिवलीहून रोज फोर्टला नोकरीसाठी जाणाऱ्या एका भगिनीने मला तीन गोष्टी विचारल्या आहेत. पहिली अशी की, गाडीत कोणाला बसायला जागा देणे, चक्कर आलेल्या बाईला सावरणे, रुग्णालयाचा रस्ता विचारणाऱ्याबरोबर चार पावले चालणे, अशा बारीकसारीक गोष्टींनी खरोखर काही बदलते, की आपल्याच मनाचे समाधान होते? लोकांची खरी दुःखे गरिबीची आणि आजारपणाची असतात, आणि ती आपल्या हातात नसतात, असे त्यांचे म्हणणे आहे. दुसरी गोष्ट, परळला एक्स-रेचा लिफाफा दाखवून औषधासाठी पैसे मागणाऱ्या माणसाला त्यांनी पाचशे रुपये दिले आणि काही दिवसांनी तोच माणूस तोच लिफाफा घेऊन त्याच कोपऱ्यावर उभा दिसला; तेव्हापासून त्यांचा हात आखडतो. तिसरी, त्यांच्या इमारतीत वरच्या मजल्यावरच्या काकांना कर्करोग झाला आहे, काकूंशी काय बोलावे ते सुचत नाही म्हणून जिन्यात त्यांना टाळले जाते, आणि हे टाळणे त्यांच्या मनाला लागून राहिले आहे.

मुंबईतील सार्वजनिक रुग्णालयांत वैद्यकीय समाजसेविका म्हणून माझी नोकरीची सारी वर्षे गेली, त्यामुळे या प्रश्नांकडे मी रुग्णालयाच्या बाजूने पाहते. तिथून मला जे दिसले ते असे की, संकटात सापडलेल्या माणसाचे पैसे संपण्याच्या बरेच आधी त्याचा विचार करण्याचा आणि चार लोकांना विचारण्याचा धीर संपतो. योजना, देणग्या, कायदे हे सगळे असूनही तो धीर त्याला कोणी कागदावर देऊ शकत नाही. तो त्याच्या शेजारी उभा असलेला माणूसच देऊ शकतो, आणि अनेकदा तेवढ्यावरच पुढची मोठी मदत त्याच्यापर्यंत पोहोचते की नाही हे ठरते.

एका मोठ्या रुग्णालयाच्या ओपीडीत पाहिलेला प्रसंग सांगते. बीड जिल्ह्यातून आलेली एक बाई जिन्याच्या पायरीवर साडीच्या दुकानाची पिशवी मांडीवर घेऊन बसलेली होती. पिशवीत नवऱ्याचे सगळे कागद होते, केस पेपर, तालुक्याच्या दवाखान्यातली चिठ्ठी, सोनोग्राफी, रक्ताचे रिपोर्ट. डॉक्टरांनी बायोप्सीचा रिपोर्ट घेऊन यायला सांगितले होते, दोन खिडक्यांवरून तिला परत पाठवले होते, आणि आता तिसरीकडे जाऊन पुन्हा ओरडा खायची तिची तयारी नव्हती. जिना पुसणाऱ्या मावशींनी बादली कडेला ठेवली, पदराला हात पुसले आणि पिशवीतले कागद एकेक करून पाहिले. त्यांनी एक पिवळी पावती वर ठेवली, बाकीचे कागद पिशवीत घातले आणि म्हणाल्या, “एवढाच कागद हातात धर. खाली गेलीस की उजवीकडं शेवटची खिडकी. तिथं एवढंच म्हण, रिपोर्ट तयार आहे का. बाकी काही सांगत बसू नको. नाही म्हणाले तर कधी येऊ ते विचार, आणि माझ्याकडं परत ये.” ती बाई उठली आणि गेली.

मावशींनी यात पैसा खर्च केला नाही आणि त्यांचा वेळही फारसा गेला नाही. त्यांनी त्या बाईला बोलायला एक वाक्य दिले आणि परत यायला एक जागा दिली. काम मात्र त्या बाईनेच केले, आणि हे मला फार महत्त्वाचे वाटते. मावशी स्वतः पावती घेऊन गेल्या असत्या तर रिपोर्ट कदाचित लवकर मिळाला असता, पण दुसऱ्या दिवशी ती बाई पुन्हा त्याच पायरीवर बसलेली दिसली असती. दया करताना समोरच्याच्या हातातले काम काढून घेण्याचा मोह होतो. तो आवरावा आणि त्याला त्याच्या पुढच्या खिडकीपर्यंत सोबत करावी.

आता याच प्रसंगाच्या पुढे काय काय होते ते पाहा. महात्मा ज्योतिराव फुले जन आरोग्य योजनेत कुटुंबामागे वर्षाला ५ लाख रुपयांपर्यंतच्या उपचारांचे संरक्षण आहे, आणि योजनेतील रुग्णालयात कागदपत्रांसाठी आरोग्यमित्र बसलेला असतो. मुंबई उच्च न्यायालयाने २००६ मध्ये मान्य केलेल्या योजनेनुसार धर्मादाय रुग्णालयांना १० टक्के खाटा निर्धन रुग्णांसाठी मोफत आणि १० टक्के खाटा दुर्बल घटकांसाठी सवलतीच्या दरात राखून ठेवाव्या लागतात. महापालिकेच्या मोठ्या रुग्णालयांत गरीब रुग्णांसाठी पुअर बॉक्स फंड असतो. टाटा रुग्णालयात उपचारांसाठी बाहेरगावाहून येणाऱ्यांना राहण्यासाठी दादरला संत गाडगे महाराजांच्या नावाची धर्मशाळा आहे. ही सगळी मदत खरी आहे आणि या शहरात आहे. पण जिन्यावर बसून राहिलेल्या माणसाला यातले काहीही मिळत नाही, कारण प्रत्येक मदतीच्या दाराशी कोणाला तरी काहीतरी विचारावे लागते. तुमच्याकडे काम करणाऱ्या मावशींना किंवा सोसायटीच्या वॉचमनला धर्मादाय रुग्णालयातल्या राखीव खाटांविषयी नुसते माहीत करून देणे, आणि रेशन कार्डावरचे नाव आधार कार्डाशी जुळते की नाही ते आजारपण येण्याआधी एकदा पाहून देणे, हीसुद्धा दयाच आहे. आणि माझ्या अनुभवात पाचशे रुपयांपेक्षा तिचा उपयोग कितीतरी अधिक होतो.

औषधोपचार आणि रुग्ण यांच्यामधले हे अंतर वैद्यकशास्त्राला फार पूर्वी जाणवले होते. मुंबईत १९३६ मध्ये समाजकार्याचे पद्धतशीर शिक्षण देणारी देशातली पहिली संस्था निघाली, तीच पुढे टाटा सामाजिक विज्ञान संस्था झाली. आणि १९४६ मध्ये जे. जे. रुग्णालयात देशातील पहिल्या वैद्यकीय समाजसेवकाची नेमणूक झाली. गाडगेबाबांनी तर हे शाळेत न जाता ओळखले होते. त्यांच्या दशसूत्रीत भुकेल्याला अन्न, तहानलेल्याला पाणी आणि रोग्याला औषधोपचार यांच्याच रांगेत दुःखी आणि निराश माणसाला हिंमत देणे हेही आहे. हिंमत ही त्यांनी अन्नपाण्याइतकीच गरजेची वस्तू मानली.

छोट्या वागणुकीचा परिणाम मोजताही येतो. अमेरिकेत १९९९ मध्ये प्रसिद्ध झालेल्या एका अभ्यासात स्त्रियांना डॉक्टर आणि कर्करोगाच्या रुग्णाचे संभाषण दाखवणारी चित्रफीत दाखवली गेली. एका गटाच्या चित्रफितीत डॉक्टरांच्या तोंडी ‘हा काळ कठीण आहे हे मला समजते, या वाटेवर मी तुमच्याबरोबर आहे’ अशा अर्थाची, सारी मिळून जेमतेम ४० सेकंदांची वाक्ये जास्तीची होती. तेवढ्यानेच त्या गटातील स्त्रियांची चिंता दुसऱ्या गटापेक्षा कमी भरली. आमच्या वॉर्डांत हे मी नुसत्या डोळ्यांनी पाहिले आहे. ज्या निवासी डॉक्टरला खाटेशेजारचे स्टूल ओढून बसायची सवय असते, त्याच्या राउंडनंतर नातेवाईक आमच्या खोलीत घाबरून कमी वेळा येतात.

दुसरा एक अभ्यास मला या विषयात फार उपयोगी वाटतो. अनोळखी माणसांकडे छोटी मदत मागायला गेलेल्या लोकांना आधी विचारले गेले की, किती जण होकार देतील असे तुम्हांला वाटते. २००८ मध्ये प्रसिद्ध झालेल्या या प्रयोगमालिकेत असे दिसले की, लोक इतरांच्या मदतीच्या तयारीला खूपच कमी लेखतात. कित्येकदा निम्म्यानेच धरतात. याचा व्यवहारातला अर्थ असा की, अडलेला माणूस ‘कोण कशाला आपल्यासाठी थांबेल’ असे समजून मागतच नाही, आणि आपण ‘लागले तर मागेल’ असे समजून पुढे निघून जातो. म्हणून पहिला शब्द नेहमी आपण बोलावा. फलाटावर कागद उलटसुलट करत उभ्या असलेल्या माणसाला “कुठं जायचंय, दादा?” एवढे विचारायला काही लागत नाही, आणि त्याला मदत नको असेल तर तो तसे सांगतो.

मुंबईकर मनाने कोरडे असतात असे मी कधीच मानले नाही. दुसऱ्या वर्गाच्या डब्यात तिघांच्या बाकावर चौथ्याला जागा देण्यासाठी रोज लाखो माणसे सरकतात. आपल्याकडे कमी पडतो तो वेळ, आणि हे निमित्त म्हणून सांगत नाही. अमेरिकेतील प्रिन्स्टन येथे धर्मशिक्षण घेणाऱ्या विद्यार्थ्यांवर केलेला आणि १९७३ मध्ये प्रसिद्ध झालेला एक प्रयोग आहे. त्यांना एका इमारतीतून दुसऱ्या इमारतीत भाषण द्यायला पाठवले आणि वाटेत दारात एक माणूस विव्हळत, खोकत बसवून ठेवला. ज्यांना भरपूर वेळ आहे असे सांगितले होते त्यांच्यापैकी ६३ टक्के थांबले, थोडी घाई असलेल्यांपैकी ४५ टक्के, आणि उशीर झाला आहे असे सांगितलेल्यांपैकी फक्त १० टक्के. अर्ध्या विद्यार्थ्यांचा भाषणाचा विषयच वाटेत पडलेल्या परक्या माणसाला मदत करणाऱ्याची बोधकथा हा होता, तरी त्याने म्हणण्यासारखा फरक पडला नाही. आता २६ जुलै २००५ आठवा. सांताक्रूझला २४ तासांत ९४४ मिलिमीटर पाऊस झाला, गाड्या थांबल्या, रस्ते बुडाले, आणि लोकांनी परक्या माणसांना घरात घेतले, जेवू घातले, कमरेएवढ्या पाण्यातून हात धरून पार नेले. त्या दिवशी मुंबईकरांचा स्वभाव बदललेला नव्हता. त्या दिवशी कोणालाही ८.१२ ची गाडी पकडायची नव्हती, हे मला त्यामागचे मोठे कारण वाटते. त्यामुळे ज्यांना रोजच्या जीवनात दयाळू राहायचे आहे त्यांना माझा पहिला सल्ला अगदी कोरडा आहे: घरून दहा मिनिटे आधी निघा. एक गाडी सोडणे परवडेल अशी सोय केली नाही, तर चांगले मन असूनही पाय थांबत नाहीत.

गर्दीत कोणी कोसळले तर आणखी एक अडचण येते. पाहणारे जितके जास्त, तितके प्रत्येकाला वाटते की दुसरा कोणीतरी करेल. हे १९६८ पासूनच्या प्रयोगांत वारंवार दिसले आहे. त्यावर उपाय असा की, मोघम ओरडण्याऐवजी एकाच माणसाकडे बोट करून सांगावे, “निळ्या शर्टातले दादा, तुम्ही १०८ ला फोन लावा.” रेल्वेच्या हद्दीत १३९ लावावा. पोलिसांचा ससेमिरा मागे लागेल या भीतीने अजूनही लोक मागे सरतात, म्हणून हे स्पष्ट लिहिते: सर्वोच्च न्यायालयाने २०१६ मध्ये मदत करणाऱ्याला संरक्षण देणाऱ्या मार्गदर्शक सूचनांना कायद्याचे बळ दिले, आणि २०१९ च्या दुरुस्तीने मोटार वाहन कायद्यात कलम १३४ अ आले. रस्त्यावरच्या अपघातातील जखमीला सद्भावनेने मदत करणाऱ्यावर त्यासाठी खटला चालवता येत नाही, आणि त्याची इच्छा नसेल तर त्याला नाव-पत्ता सांगण्याची सक्ती करता येत नाही.

दयेला थोडी माहितीची जोड हवी, हे मात्र मी आग्रहाने सांगेन. बेशुद्ध माणसाच्या तोंडात पाणी घालू नये. ते श्वासनलिकेत जाऊ शकते. फिट आलेल्या माणसाला चप्पल किंवा कांदा हुंगवू नये, दातांत चमचा घालू नये, हातपाय दाबून धरू नयेत. आजूबाजूच्या टणक वस्तू दूर कराव्या, डोक्याखाली काहीतरी मऊ द्यावे आणि झटके ओसरले की कुशीवर वळवावे. शस्त्रक्रियेसाठी उपाशी ठेवलेल्या रुग्णाला शेजारच्या खाटेवरच्या मायाळू आजीने दोन बिस्किटे दिली आणि शस्त्रक्रिया पुढे ढकलावी लागली, असे वॉर्डात घडते. आजीचा जीव तुटत होता यात शंका नाही. तिने आधी सिस्टरना विचारले असते, तर तिच्या त्याच मायेचा रुग्णाला आधार झाला असता.

आता पाचशे रुपयांविषयी. तो माणूस फसवणारा होता की उपचार लांबलेला खरा गरजू होता, हे कोपऱ्यावर उभे राहून तुम्हांला किंवा मलाही कळणार नाही, आणि ते जाणून घेणे तुमच्यावर बंधनकारकही नाही. रस्त्यात रोख रक्कम देऊ नये हा मी माझ्यापुरता घालून घेतलेला नियम आहे, आणि तो तुम्हीही घ्यावा असे मला वाटते. त्याऐवजी विचारावे की, कोणत्या रुग्णालयात दाखवता, केस पेपर आहे का, आणि सांगावे की त्याच रुग्णालयात समाजसेवा विभाग असतो, तिथे जा. वेळ असेल तर औषधाच्या दुकानात जाऊन चिठ्ठीवरचे औषध घेऊन द्यावे. आपल्याला जे द्यायचे आहे ते रुग्णालयाच्या गरीब रुग्ण निधीत भरून पावती घ्यावी. त्या पैशातून कोणाची कोणती गरज भागवायची हे ज्यांनी कागद तपासले आहेत अशी माणसे ठरवतात. पण एक सांभाळावे. नाही म्हणताना त्या माणसाच्या तोंडाकडे पाहून “मी पैसे देत नाही, दादा,” असे सरळ म्हणावे. एकदा फसलो म्हणून पुढच्या प्रत्येक मागणाऱ्याला आधी आरोपी ठरवण्याची सवय लागली, तर पाचशे रुपयांपेक्षा किती तरी मोठे नुकसान होते, आणि ते खऱ्या गरजूंना सोसावे लागते.

तुमच्या प्रश्नात आणखी एक भीती मला जाणवली, की रोज इतके दुःख पाहून मन बोथट होईल. ही भीती रास्त आहे. परिचारिका, डॉक्टर, आमच्यासारखे समाजसेवक, सगळ्यांनाच हा थकवा येतो. याबाबतीत मी नेहमी केईएम रुग्णालयातील परिचारिकांकडे पाहते. नोव्हेंबर १९७३ मध्ये तिथल्याच परिचारिका अरुणा शानबाग यांच्यावर रुग्णालयात अमानुष हल्ला झाला आणि त्या पुन्हा कधी सावरल्या नाहीत. मे २०१५ मध्ये त्यांचे निधन होईपर्यंत, म्हणजे सुमारे ४२ वर्षे, तिथल्या परिचारिकांनी त्यांना न्हाऊमाखू घातले, भरवले, कूस बदलून दिली. सर्वोच्च न्यायालयाने २०११ च्या निकालात या शुश्रूषेची मनापासून प्रशंसा केली. इतकी वर्षे अंथरुणाला खिळलेल्या माणसाची त्वचा शाबूत ठेवायची तर काही काही तासांनी कूस बदलावी लागते, रात्रीसुद्धा, दिवाळीतसुद्धा. हे काम करणाऱ्या अनेक जणींनी अरुणाताईंना चालता-बोलता कधी पाहिलेही नव्हते. प्रत्येक पाळीत नव्याने कळवळा दाटून यावा आणि मगच हात पुढे व्हावा, अशी त्यांची करुणा असती, तर ती वर्षभरही टिकली नसती. ती पाळीत वाटलेली होती, एकीने दुसरीच्या हाती सोपवलेली होती, आणि पाळी संपली की घरी जायची मुभा होती. तुम्हीही तेच करा. आठवड्यातले दोन तास, एक कुटुंब, एक काम, असे ठरवून घ्या आणि त्यापलीकडच्यासाठी स्वतःला दोष देऊ नका. ठरवलेले मात्र चुकवू नका, कारण आजारी माणसाच्या घरात ‘येते’ म्हणून न येणे फार लागते.

आणि आता वरच्या मजल्यावरच्या काकू. त्यांना टाळू नका, जिन्यात भेटल्यावर “काका कसे आहेत?” हा प्रश्नही शक्यतो टाळा, कारण दिवसातून दहा वेळा त्यांना तोच आजार पहिल्यापासून सांगावा लागतो. “काकू, तुम्ही आज जेवलात का?” असे विचारा. घरात एकाला कर्करोग झाला की सांभाळणाऱ्याकडे कोणी पाहत नाही, आणि तिची स्वतःची रक्तदाबाची गोळी चुकते, हे मी असंख्य घरांत पाहिले आहे. “काही लागलं तर सांगा” हे वाक्य प्रेमाने म्हटले जाते, पण काय लागते ते ठरवण्याचे आणि मागण्याचे ओझे ते त्यांच्यावरच टाकते. त्यापेक्षा ठरावीक गोष्ट पुढे करा: “गुरुवारी टाटाला जायचं असतं ना, त्या दिवशीचा डबा मी करते, सकाळी सहाला दारात ठेवते.” विजेचे बिल, रेशन, गॅसचा नंबर, नातवाला शाळेतून आणणे, यांपैकी एक काम कायमचे आपल्याकडे घ्या. केमोथेरपी चालू असेल तर काय चालते ते विचारून ताजे शिजवलेले द्या, चिरून ठेवलेली फळे आणि कच्ची कोशिंबीर देऊ नका, आणि तुम्हांला सर्दी-खोकला असेल तर डबा दाराबाहेर ठेवून परत या.

कोणाच्या मेहुण्याला अमुक काढ्याने गुण आला हे सांगू नका. “खचून जाऊ नका” असेही म्हणू नका. त्याने खचलेल्या माणसाला खचल्याचीही लाज वाटू लागते. त्या रडल्या तर बसून राहा. त्यांना भाजीच्या भावाविषयी किंवा मालिकेविषयी बोलायचे असेल तर तेच बोला, कारण आजाराबाहेरचे बोलणे त्यांच्या वाट्याला फार कमी येते. रविवारी दुपारी दोन तास काकांजवळ बसण्याचे काम घेता आले तर फारच चांगले. त्या दोन तासांत काकू झोपतील, आणि झोप झालेल्या माणसाला डॉक्टरांचे म्हणणे नीट समजते, सही कुठे करायची ते कळते, आणि भांडणेही कमी होतात. काका बोलण्याच्या मनःस्थितीत असतील तर त्यांच्याशीही आजाराआधी बोलत होता तसेच बोला. सोसायटीच्या पाण्याच्या टाकीविषयीचे त्यांचे मत अजूनही विचारण्याजोगे आहे.

पहिल्यांदा काकू बहुधा नको म्हणतील. आपल्या लोकांत उपकार घ्यायला जीव कचरतो, आणि सगळे आपणच निभावून नेऊ असे सुरुवातीला वाटतेही. त्यांचा नकार मनाला लावून घेऊ नका आणि आग्रहही धरू नका. “बरं, मग पुढच्या वेळी,” असे म्हणून या, आणि दोन आठवड्यांनी तोच डबा, तोच गुरुवार पुन्हा विचारा. तोपर्यंत केमोथेरपीची पुढची फेरी आलेली असते आणि बहुतेक घरांत दुसऱ्यांदा होकार मिळतो.